उशीचा अभ्रा

ता. ३ ऑक्टोबर

ती. ताईस,

धाकटीचा सा. न. वि. वि. बातमी आनंदाची आहे, तेव्हा अक्षर जरा नाचरं आलं तर रागावू नकोस.

मी तळघरातून वर आले! आता उरल्यासुरल्या तुकड्यांचा विभाग नाही, ती कोंदट हवा नाही, कापडाच्या एका तुकड्यासाठी दोन बायकांची ओढाताण नाही. काचेचं मोठं दार उघडलं की समोरच हातमोज्यांचं काउंटर लागतं, तिथे मी उभी असते. वर झुंबर, पायाखाली गालिचा, आणि आजूबाजूला अत्तराचा इतका घमघमाट की पहिल्या दिवशी माझं डोकंच उठलं.

झालं असं, की आमच्या मजल्यावर देखरेख करणाऱ्या साहेबांनी तळघरातल्या सगळ्या पोरींना रांगेत उभं करून हात पुढे करायला सांगितले. या साहेबांना सगळ्या बगळा म्हणतात. खांबाशी एका पायावर भार देऊन तासन्‌तास उभे असतात, आणि कुणी जरा टेकलेली दिसली की लगेच चोच मारतात. तर बगळ्याने माझे हात उलटेपालटे करून पाहिले आणि म्हणाला की हे हात खाली काय करताहेत. मला एकदम आई आठवली. तुम्ही दोघी सोड्याच्या उकळत्या पाण्यात चादरी ढवळायच्या आणि मी जवळ आले की आई लाकडी दांडा उगारून हाकलायची. तू मला राणीसरकार म्हणून चिडवायचीस. आज राणीसरकारांच्या हातांनी नोकरी मिळवली बघ.

काम तुला सांगते, तू हसशील. गिऱ्हाईक बाई समोर बसते. तिच्यापुढे मखमलीची छोटी उशी ठेवायची, वर पांढरा स्वच्छ अभ्रा. तिने उशीवर कोपर टेकवायचं, हात उभा धरायचा. मग आपण हातमोज्याची बोटं लाकडी चिमट्याने सैल करायची, आत पावडर फुंकायची आणि एकेक बोट हलक्या हाताने खाली ओढत आणायचं. आधी चार बोटं, अंगठा सगळ्यात शेवटी. कातडं इतकं पातळ असतं की नखं दिसतात. घाई केली की शिवण गेलीच म्हणून समज. रोज दुकान उघडायच्या आधी आमचे हात तपासतात. भेग, डाग, तुटकं नख, काहीही चालत नाही.

नियम मात्र जाचक आहेत. बसायचं नाही, नाही म्हणायचं नाही, आणि ओळखीचं कुणी आलं तरी गिऱ्हाईक म्हणूनच वागायचं. काउंटरवर आम्ही दोघीच असतो, आणि साठीला आलेल्या थोरल्या बाई नव्या वर्षात नोकरी सोडताहेत. त्यांची जागा मला मिळू शकते, असं बगळा चक्क माणसासारखा बोलला.

एक गोष्ट तुझ्यापाशीच राहू दे. वर घेताना त्यांनी विचारलं, घरी कोण काय करतं. मी म्हणाले, आई घरीच असते. खोटं नाही ना गं? भट्टी घराच्या मागच्या अंगणातच तर आहे.

आईला नमस्कार. माया करतेस तशीच करत राहा.

तुझी,
धाकटी


ता. १२ ऑक्टोबर

चि. राणीसरकार हिस,

ताईचे अनेक आशीर्वाद आणि एक चिमटा, लाकडी नव्हे, आपला नेहमीचा.

तुझं पत्र आलं आणि आमच्या घरात कामाचा बोजवारा उडाला. आईने ते मला इतक्या वेळा वाचायला लावलं की आता ते मला पाठ आहे. शिंपीणकाकू कुंपणावरून नुसतं काय गं म्हणाल्या, तर तिने त्यांना आत ओढून आणलं, चादरीची गुंडाळी करून त्यावर त्यांचं कोपर टेकवलं, आणि माझा जुना लोकरी मोजा त्यांच्या हातात चढवायला घेतला. पायातला मोजा! काकू बिचाऱ्या हात उभा धरून बसल्या. आधी चार बोटं, अंगठा शेवटी, असं आई त्यांना शिकवत होती. मी हसून हसून नीळ सांडली.

बाकी आमचं नेहमीचंच. हॉटेलात माणसं वाढली की आमच्याकडे चादरी वाढतात. भट्टी सकाळी पेटते ती संध्याकाळीच निवते. माझ्या अंगठ्याची भेग यंदा लवकर उघडली. आईच्या हातांचं तर तुला ठाऊक आहे, बोटांची पेरं सुजलेलीच असतात. ती म्हणते की इतकी वर्षं झाली, आता हातच तसे आहेत.

आता खरी गोष्ट. ही तुला सांगायची नाही असं तिने मला बजावलं आहे, पण माझ्या पोटात काही राहत नाही हेही तिला ठाऊक आहे. शिंपीणकाकूंची नजर फार अधू झाली आहे, सुईत दोरा ओवायला शेजारपाजाऱ्यांना बोलावतात. त्यांना तुमच्या शहरातल्या डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जायचं आहे आणि आई सोबत जाणार आहे. तिथून तुझं दुकान! काही घ्यायचं नाही म्हणते, हातमोजे घालून मी काय चादरी पिळू. फक्त एकदा लेकीच्या हातून घालून बघायचे, मग काढून परत द्यायचे. रोज ही एकच टकळी चालू आहे. तिला मी इतकी खुशीत बऱ्याच वर्षांत पाहिली नाही.

तू काही ठाऊक नसल्यासारखं कर. चांगली चकित हो, तोंडाचा आ कर.

जेवणाची हेळसांड करू नकोस. आठवण ठेव म्हणत नाही, ती असेलच.

तुझी,
ताई


ता. १८ ऑक्टोबर

ती. ताईस,

सा. न. तुझं पत्र आजच मिळालं आणि लगेच लिहायला बसले.

आईला म्हणावं, आत्ता नको. हिवाळ्याची विक्री सुरू झाली आहे, दारातून माणसं नुसती लोटताहेत. मला तिच्याशी दोन शब्द बोलता येणार नाहीत. नियमाचं मी तुला लिहिलंच होतं. वसंतात या, मी रजा काढेन, बागेत बसू, तिला सगळं शहर दाखवीन. आणि काकूंना किती मोठ्यांदा बोलायची सवय आहे, तुला माहीत आहे. इथे सगळे कुजबुजल्यासारखं बोलतात.

काउंटरच्या जागेचं या आठ-पंधरा दिवसांतच ठरणार आहे. बगळा माझ्या मागेच उभा असतो.

आणि यायचंच म्हणाली, तर तिला तुझा काळा कोट घालायला सांग. तिच्या तपकिरी कोटाच्या बाह्या सोड्याने विटल्या आहेत. हातात ते गाठोडंही नको.

मी हे वाईट अर्थाने लिहीत नाही, तुला कळेलच. पुढचं पत्र निवांतपणे लिहीन.

तुझी,
धाकटी


ता. २७ ऑक्टोबर

चि. धाकटीस,

आशीर्वाद. तुझं पत्र आलं तेव्हा आई गाडीत बसून गेलेली होती. एका अर्थी बरंच झालं, नाहीतर कोटाचं मी तिला कोणत्या तोंडाने सांगितलं असतं? बाह्या विटल्या आहेत खऱ्या. कशाने विटल्या, तेही तूच लिहिलं आहेस.

जायच्या आदल्या दिवशी तिने काय केलं, सांगू? लिंबाच्या फोडी घेऊन अंगणात बसली आणि दगडाने हात घासत राहिली, पार लाल होईपर्यंत. भेगांत लिंबू झोंबून डोळ्यांतून पाणी येत होतं, तरी हसत होती. म्हणाली, लेकीचं दुकान आहे, हात स्वच्छ नकोत का.

परत आली ती गप्पच. मी पाठ सोडली नाही तेव्हा म्हणाली की फार गर्दी होती, जवळ गेलेच नाही, लांबूनच पाहिलं. तू छान दिसत होतीस म्हणाली, गळ्यापाशी पांढरी पट्टी लावली होतीस म्हणाली. एवढंच. मग उठून भट्टीकडे गेली. काकू डोळ्यांच्या औषधाने झापडं बांधल्यासारख्या झाल्या होत्या, त्यांना मी घरी पोहोचवलं आणि त्या झोपल्या.

तेव्हापासून एक नवीनच चाललं आहे. घरी कुणी आलं की आई हात शालीखाली घेते. हॉटेलचा मुकादम चादरी मोजायला आला, तर त्याच्यापुढेही. तो माणूस ते हात काय आज पहिल्यांदा पाहतो आहे? मी विचारलं, हात दुखतात का. नाही म्हणाली. थंडी वाजते का. नाही म्हणाली.

तुला ती दिसली होती का? तुझ्याशी बोलली का? मला खरं काय ते कळव, माझं कशात लक्ष लागत नाही.

तुझी,
ताई


ता. २ नोव्हेंबर

ती. ताईस,

सा. न. घाईत लिहिते आहे. त्या दिवशी मी बराच वेळ आतल्या खोलीत माल लावत होते, त्यामुळे आई आलेली मला कळलंच नाही. कळलं असतं तर काय हवं होतं!

सोबत हातांना लावायच्या मलमाचा डबा पाठवते आहे. आमच्याकडे मोठमोठ्या घरच्या बायका हाच नेतात. दोघी लावा. आईला म्हणावं, माझ्याकडून.

थोरल्या बाईंची जागा मला मिळाली.

तुझी,
धाकटी


ता. ११ नोव्हेंबर

चि. धाकटीस,

या वेळी आशीर्वाद लिहिताना हात अडखळला, पण लिहिते, कारण तो मागे घेता येत नाही.

डबा मिळाला. आईने झाकण उघडलं, वास घेतला, झाकण लावलं आणि डबा फळीवर वरच्या अंगाला ठेवून दिला. जागा मिळाली हे मी सांगितलं तेव्हा मात्र म्हणाली की बरं झालं, तिने त्यासाठी खूप केलं. तेव्हा मला ते शब्द साधे वाटले.

काल काकूंकडे चादरीच्या कडा शिवायला दिल्या होत्या, त्या आणायला गेले. त्यांनी आपणहून विषय काढला. म्हणाल्या, तुझी बहीण त्या दिवशी नव्हती ना गं, तुझी आई हिरमुसली बिचारी. मी म्हटलं, कुणी सांगितलं नव्हती म्हणून? तर म्हणाल्या, आईनेच. दुकानातून बाहेर पडताना त्यांनी विचारलं की भेटली का लेक, तेव्हा आई म्हणाली, आज तिची रजा आहे.

मग काकूंनी पुढचं सगळं रंगवून सांगितलं. त्यांच्या डोळ्यांत औषध घातलेलं, समोर नुसतं धुकं. पण कान शाबूत आहेत. काउंटरवरच्या मुलीचं त्यांनी काय कौतुक करावं! घशात साखर ठेवल्यासारखी बोलत होती म्हणे. आईला बाईसाहेब म्हणाली, बसायला सांगितलं, हातात हातमोजासुद्धा चढवला. मग काहीतरी फाटल्याचा आवाज झाला, एक पुरुष आला, आणि आईने त्या दोघांची माफी मागितली. त्या मुलीला ताई म्हणाली. काकूंनी वर मला विचारलं की ती मुलगी तुझ्या बहिणीची मैत्रीण असेल का, बहिणीला म्हणावं तिचे आभार मान.

मी चादरी तिथेच विसरून घरी आले.

तुझ्या काउंटरवर दोघीच असता हे तूच लिहिलंस. थोरल्या बाई साठीला आल्या आहेत, त्यांना कुणी मुलगी म्हणणार नाही. तेव्हा ती गोड गळ्याची मुलगी कोण, हे मला काकूंच्या डोळ्यांनीही दिसतं आहे. मला फक्त ते तुझ्या हातचं वाचायचं आहे. मलम परत पाठवू का, तेही लिही.

तुझीच, इलाज नाही म्हणून,
ताई


ता. १६ नोव्हेंबर

ती. ताईस,

नमस्कार करायलाही मला लाज वाटते आहे. तरी करते.

ती मीच होते.

दार उघडलं तेव्हाच मी तिला पाहिलं. तपकिरी कोट, एका हातात काकूंचं मनगट, दुसऱ्या हातात ते गाठोडं. तिने मला शोधलं आणि तिचा सगळा चेहरा हसला. माझ्या समोर एक बडी बाई बसली होती, रेशमी हातमोजे बघत होती, आणि बगळा खांबाशी उभा होता. मला वाटलं, आता ही मला घरच्या नावाने हाक मारणार. तिने तोंड उघडायच्या आत मी म्हणाले, यावं बाईसाहेब, काय दाखवू. त्याच आवाजात, ज्याचं काकू कौतुक करताहेत.

ताई, नियम होताच. पण नियमात डोळ्यांनी ओळख द्यायला कुणी बंदी केली आहे? थोरल्या बाईंचा भाऊ येतो तेव्हा त्या त्यालाही साहेब म्हणतात, पण म्हणताना हसतात. मी हसलेसुद्धा नाही.

आईने गाठोडं खाली ठेवलं. मग म्हणाली, हातमोजे दाखवा. दाखवा म्हणाली मला. काकूंना तिने बाजूच्या खुर्चीवर बसवलं आणि स्वतः समोर बसून उशीवर कोपर टेकवलं, अगदी मी पत्रात लिहिलं होतं तसं. हात लाल झाला होता. का झाला होता ते मला तुझ्या पत्रातून नंतर कळलं. मी सगळ्यात मोठं माप काढलं, चिमट्याने बोटं सैल केली, पावडर घातली. पेरांपर्यंत आलं आणि पुढे सरकेना. मला ठाऊक होतं की इथे थांबायला हवं. रोज मी थांबते, गोड बोलून दुसरा रंग दाखवते. पण ती बडी बाई बघत होती, मला ते लवकर संपवायचं होतं, आणि मी ओढलं. शिवण टरकन गेली.

बगळा आला. त्याने नुसतं माझ्याकडे पाहिलं. आणि मी म्हणाले की बाईंनी स्वतःच ओढलं, बाहेरगावच्या गिऱ्हाइकांना सवय नसते.

आई लगेच म्हणाली, हो, मीच ओढलं, माझी चूक झाली. बगळा मोठ्या मनाने म्हणाला की हरकत नाही. मग ती माझ्याकडे वळून म्हणाली, माफ करा ताई. काकूंना हाताला धरून उठवलं आणि गेली.

अजून एक आहे. ते लिहिलं नाही तर हे सगळं लिहून उपयोग नाही. त्या गेल्यावर बड्या बाईने खुर्ची सरकवून उशीकडे पाहिलं. आणि मी उशीचा अभ्रा बदलला. कुणी सांगितलं नव्हतं. आईचं कोपर टेकलं होतं तो अभ्रा काढला आणि खणातून नवा काढून घातला. एवढंच बरं, की तेव्हा आईची पाठ होती, ती दारातून बाहेर पडत होती. तेवढं तरी तिने पाहिलं नाही. तो अभ्रा मला धुलाईच्या टोपलीत टाकवेना. माझ्या पेटीत आहे, कोपऱ्यात पावडर लागलेला.

दुसऱ्या दिवशी जागा माझी झाली. बगळा म्हणाला, अवघड गिऱ्हाईक कसं हाताळावं हे तुला कळतं.

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं वाटतं, पण इथे सगळीकडे गालिचा आहे. बघ, अजूनही मला थट्टा सुचते. माझी मलाच शिसारी येते. हे पत्र आईला वाचून दाखवू नकोस. मी घरी येऊ का, एवढं तिला न विचारता कळव.

तुझी म्हणवून घ्यायला संकोच वाटणारी,
धाकटी


ता. २४ नोव्हेंबर

चि. धाकटीस,

आईचा आशीर्वाद. मी पत्र लिहीत नाही हे तुला माहीत आहे. अक्षरं मोठी आहेत, ओळी खाली जातात, चालवून घे.

ताईने तुझं पत्र मला वाचून दाखवलं नाही. उशीखाली ठेवते आणि दिवसभर माझ्यावरच चिडते, पाणी तापलं नाही म्हणून, नीळ जास्त झाली म्हणून. त्या पत्रात काय आहे ते मला वाचायला नको. मी तिथे होते.

तू मला बाईसाहेब म्हणालीस ते मला लागलं नाही असं नाही, पण कळलं. काम असतं. हॉटेलचा मालक समोरून आला तर मीही रस्त्याच्या कडेला होते. हातमोजा फाटला तो तुझा दोष माझ्यावर घेतला, तेही आईचं कामच आहे. पुन्हा वेळ आली तरी घेईन.

पण काकूंना पायरी दिसेना म्हणून मी दाराबाहेर थांबले होते. तुमचं दार काचेचं आहे. तू उशीचा अभ्रा बदललास तो मी पाहिला.

मी सारा जन्म दुसऱ्यांचे अभ्रे धुतले. अभ्रा कशासाठी बदलतात हे मला कुणी सांगायला नको. काकूंना तुझी रजा आहे एवढं सांगितलं, मग घरी येईपर्यंत त्यांच्याशी एक शब्द बोलू शकले नाही. त्यांना वाटलं, लेक भेटली नाही म्हणून.

मग मी विचार केला. भट्टीपाशी विचार करायला वेळ पुष्कळ मिळतो. लहानपणी तू माझा हात धरायला यायचीस आणि मी म्हणायची, हात लावू नकोस, सोड्याचे आहेत. ताईला तसं कधी म्हटलं नाही, तिला कामाला लावलं. तुला जपलं. या हातांपासून लांब राहायचं हे तुला मीच शिकवलं आहे. आता तू लांब राहिलीस तर मी कुणावर रागावू?

तरी राग येतो. तो जाईल तेव्हा जाईल.

घरी ये. ताईचा अंगठा पिकला आहे, तिला पाण्यात हात घालता येत नाही. तू भट्टीजवळ यायचं नाहीस, ते माझं मी बघेन. तुझे हात तुझ्या कामाचे आहेत. डबा तुझा तू घेऊन जा.

आई


ता. ८ डिसेंबर

ती. आईस,

धाकटीचा साष्टांग नमस्कार. समोर बसून बोलता आलं नाही ते लिहिते आहे.

मी आले तेव्हा तू मला खुर्ची दिलीस आणि पाहुण्यांचा कप काढलास. तो कप घरात कुणासाठी ठेवलेला आहे हे मला माहीत आहे. मी त्यातून चहा प्यायले. ताई भिंतीकडे बघत बसली होती. दुकानात तू मला ताई म्हणालीस तेव्हा मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं, पण त्या कपाने त्याहून जास्त झालं.

मी भट्टीपाशी सोड्याच्या पाण्यात हात घातले तेव्हा तू दांडा उगारशील असं मला वाटलं होतं. तू उगारला नाहीस. नुसती बाजूला सरकलीस. सोडा इतका झोंबतो हे मला इतक्या वर्षांत माहीतच नव्हतं. दुपारपर्यंत माझी बोटं सुरकुतली आणि तुझं तोंड काही हसलं नाही. मग मी पेटीतून तो अभ्रा काढून पाण्यात टाकला. तू बघत होतीस. मला तो एकटीने धुवायचा होता, पण तू माझ्या हातातून घेतलास, पिळलास, खळ घातलीस, इस्त्री केलीस, आणि घडी माझ्या हातात देऊन म्हणालीस की दुकानाचा आहे, परत कर. घडीला एक सुरकुती नव्हती. गाडीत मी ती मांडीवर धरून रडले, समोरच्या माणसाने खिडकीकडे तोंड केलं.

सोमवारी हात तपासायला रांग लागली. बगळा माझ्यापाशी थांबला. नखांपाशी सालं निघाली होती, दोन भेगा होत्या. त्याने हळूच विचारलं की घरी काही सांडलं का हातावर. मला हो म्हणता आलं असतं, तो हो म्हणायचीच वाट बघत होता. मी म्हणाले, आईकडे गेले होते, माझी आई हॉटेलच्या चादरी धुते, मीही धुतल्या. शूरपणा नव्हता त्यात. आवाजही तोच निघाला, दुकानातला गोड. पण शब्द खरे होते. आणि त्या दिवशीची तपकिरी कोटातली बाई तीच, हातमोजा मी ओढला होता, हेही सांगितलं. शेजारच्या पोरी आपापल्या हातांकडे बघत राहिल्या.

तो ओरडला नाही. हात बरे होईपर्यंत तळघरात जा म्हणाला, वरच्या काउंटरचं मग बघू. बघू म्हणजे काय ते मला कळतं. अभ्रा मी खणात ठेवला, सगळ्यात वर. खोटं कशाला सांगू आई, वर परत जावं असं मला अजूनही वाटतं. झुंबराखालून जिना उतरताना मी दोनदा मागे वळून पाहिलं.

खाली पुन्हा तुकडे, पुन्हा ओढाताण. इथे उशी नाही. लाकडाची फळी आहे, माणसं तिच्यावर कोपरं टेकतात, गाठोडी ठेवतात, पोरांना बसवतात.

ताईच्या अंगठ्याला आराम पडला का? मलमाचा डबा मी नेला नाही, फळीवरच आहे. लावायचा की नाही ते तुम्ही ठरवा.

तुझा राग गेला का, असं विचारत नाही. एवढंच मागते. काकूंचा चष्मा आला की दोघी इथे या. तपकिरी कोटच घाल. काचेच्या दारातून आत आलीस की डाव्या हाताला जिना आहे, तो उतरून खाली ये. मला शोधू नकोस. तू पहिल्या पायरीवर असतानाच मी तुला आई म्हणून हाक मारीन. तळघरात आवाज फार घुमतो, वरच्या मजल्यापर्यंत जातो.

यायचं नसेल तर तेही कळव. मी तरीही तुझीच आहे, तेवढं राहू दे.

तुझी,
धाकटी